सोंगी भारूड : गाऊन, हसवून केलेले निरूपण

सोंगी भारूड म्हणजे वेष घेऊन, गाऊन आणि हसवून केलेले निरूपण. या कलेचे माहेर मराठवाड्यातले पैठण. पैठणच्या संत एकनाथांनी (१५३३–१५९९) सुमारे १२५ विषयांवर ३०० भारुडे रचल्याचे मानले जाते. वासुदेव, जोशी, गोंधळी, गारुडी, कोल्हाटीण, पांगुळ अशी दारोदार फिरणारी माणसे त्यांत बोलतात. ज्यांना व्यासपीठ नव्हते त्यांच्या तोंडी नाथांनी वेदान्त दिला, आणि तोही रोजच्या बोलीत.

अभ्यासक भारुडाचे भजनी, सोंगी आणि कूट असे प्रकार सांगतात. सोंगी भारुडाला रंगमंच लागत नाही आणि पडदाही लागत नाही. देवळासमोरची मोकळी जागा, टाळकऱ्यांची रांग, पखवाज किंवा ढोलकी आणि पेटी एवढ्यावर ते उभे राहते. सोंगाड्या पुष्कळदा श्रोत्यांमधूनच येतो. नऊवारी, कपाळभर कुंकू, डोईवर पदर, की पुरुषाची सासुरवाशीण होते. टाळकरी ध्रुपद धरतात. ते रंगात आले की सोंगाड्या हात वर करून वाद्ये थांबवतो आणि गद्यात बोलू लागतो. हुंडा, दारू, मोसंबीचा भाव, सगळे त्या बोलण्यात येते. कोणीतरी टाळकरी मुद्दाम भाबडे प्रश्न विचारतो, उत्तराला हशा पिकतो आणि त्या हशावरच पुन्हा ठेका पडतो.

विनोदाची खरी करामत रूपकात आहे. ‘रोडगा’ या भारुडात सून भवानीला नवस बोलते : सासरची माणसे एकेक करून दूर कर, तुला रोडगा वाहीन. समोर बसलेल्या सासवाही हसतात. मग निरूपणात उलगडा होतो की ही नाती म्हणजे जिवाला गुंतवणारे पाश, आणि शेवटी सुनेला हवे असलेले एकटेपण म्हणजे देवाशी एकरूपता. ‘विंचू’मध्ये काम-क्रोधाचा दंश आणि त्यावर सत्त्वगुणाचा उतारा आहे. सोंगाड्या वेदनेने लोळतो, मांत्रिकाला हाका मारतो. ते लोळणे जितके खरे वाटेल तितका पुढचा अर्थ खोल उतरतो. निरूपण गाळले तर उरते ते नुसते सोंग. प्रचारासाठी बसवलेल्या भारुडांत हे नुकसान वारंवार होते.

शाहीर साबळे यांच्या आवाजाने ‘विंचू’ शहरांत घरोघरी नेला. रामचंद्र देखणे यांनी संशोधनासोबत ‘बहुरूपी भारूड’ हा प्रयोग केला, तर पंढरपूरच्या चंदाताई तिवारी यांनी पुरुषांच्या या क्षेत्रात स्वतःची जागा मिळवली. मराठवाड्यात सिल्लोड तालुक्यातले निरंजन भाकरे ‘बुरगुंडा’ या भारुडासाठी ओळखले जात, २०२१ मध्ये करोनाने त्यांचा मृत्यू झाला.

शिकण्याची रीत जुनीच आहे. मुलगा आधी टाळकऱ्यांच्या रांगेत उभा राहतो आणि ध्रुपद पाठ करतो. पुढे भाबडे प्रश्न विचारण्याचे काम त्याच्याकडे येते. कुठे थांबले की लोक हसतात, हे अंगी मुरल्यावरच त्याच्या हाती लुगडे दिले जाते.