चोवीस वर्षांतून एकदा भाजला जाणारा केक

जे. आर. आर. टॉल्कीन यांनी कल्पिलेले वूटन मेजर हे गाव कारागिरांसाठी ओळखले जाते, आणि त्याहूनही जास्त तिथल्या स्वयंपाकासाठी. गावाचा मोठा मुदपाकखाना गावसभेच्या मालकीचा. त्याला लागूनच दगड आणि ओकच्या लाकडात बांधलेले सभागृह, गावातली सर्वांत जुनी वास्तू. ती नीट राखलेली आहे, पण पूर्वीचे रंग आणि सोनेरी मुलामा आता तिच्यावर नाही. मुख्य आचारी हा गावातला मोठा मानकरी. वर्षभराचे सणसमारंभ तो पार पाडतोच, पण त्याची खरी परीक्षा चोवीस वर्षांतून एकदा, ऐन हिवाळ्यात होते. त्या वर्षी गुणी मुलांच्या मेजवानीला चोवीस मुलांना बोलावणे जाते आणि त्यांच्यासाठी महाकेक केला जातो. बहुतेक आचाऱ्यांच्या वाट्याला असा केक आयुष्यात एकदाच येतो. १९६७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘स्मिथ ऑफ वूटन मेजर’ या छोट्या पुस्तकात अशाच एका केकची हकिगत आहे. या केकच्या जादूचे श्रेय वाचक त्यातल्या परीलोकीच्या चांदणीला देतात. माझ्या मते ते तितकेच या चोवीस वर्षांच्या रीतीलाही द्यायला हवे. रीत चालवणाऱ्याचा विश्वास उडाला तरी रीत चालू राहते, आणि म्हणूनच चांदणीला गावात शिरायला वाट मिळते.

पुरावा म्हणून कथेतल्या नोक्स या आचाऱ्याचाच केक घ्यावा. आधीचा आचारी एक दिवस अचानक गाव सोडून गेला आणि मागे आल्फ नावाचा शिकाऊ पोऱ्या तेवढा राहिला. आल्फ वयाने लहान आणि बाहेरगावचा, म्हणून गावाने दुसरा कोणी मिळेना तेव्हा नोक्सला नेमले. मेजवानीचे वर्ष आल्यावर नोक्सची पंचाईत झाली. जुन्या आचाऱ्यांच्या कृती त्याच्याजवळ होत्या, पण त्यांचे अक्षर त्याला लागेना. मुलांना गोड आवडते एवढे त्याला ठाऊक होते. म्हणून भरपूर साखरेचे आइसिंग आणि शिखरावर हातात छडी घेतलेली परीराणीची बाहुली असा बेत त्याने ठरवला. मसाल्यांच्या जुन्या काळ्या पेटीच्या एका कप्प्यात त्याला काळवंडलेली छोटी चांदणी सापडली. गंमत म्हणून तीही त्याने केकमध्ये घालायच्या नाण्यांत आणि चिमुकल्या वस्तूंत मिसळली. केकमध्ये अशा वस्तू दडवणे ही खरोखरीची इंग्रजी प्रथा आहे. नाताळानंतरच्या बाराव्या रात्रीच्या केकमध्ये वालाचा दाणा घालत, आणि तो ज्याला मिळे तो त्या रात्रीचा राजा ठरे. नोक्सने केकही अगदी मोजका केला होता. चोवीस मोठे तुकडे झाले, मागून घ्यायला काही उरले नाही. श्रद्धा, ज्ञान, औदार्य यांतले काहीच या माणसाजवळ नव्हते, तरीही चांदणी एका मुलाच्या पोटात पोहोचली. केक करायचा की नाही, हे ठरवणे नोक्सच्या हाती नव्हते.

काल्पनिक साहित्यातले जादूचे खाऊ बहुधा तत्काळ परिणाम करतात. लुईस कॅरोलच्या ॲलिसची उंची केक खाताच वाढते. सी. एस. लुईस यांच्या नार्नियात चेटकिणीची मिठाई खाल्लेला एडमंड लगेच आणखी मागू लागतो. महाकेक खाऊन त्या संध्याकाळी कोणालाच काही होत नाही. लोहाराच्या मुलाने चांदणी नकळत गिळलेली असते. ती त्याच्या हाती येते थेट जूनमध्ये, दहाव्या वाढदिवशी, आणि तो ती कपाळाला लावतो. पुढे त्याचा आवाज गोड होतो, त्याच्या हातचे लोखंड बळकट आणि देखणे होऊ लागते, परीलोकाच्या वाटा त्याला मोकळ्या होतात. गावातल्या बहुतेकांना त्याच्या कपाळावरचे तेज दिसतसुद्धा नाही. इतक्या सावकाश मुरणाऱ्या गोष्टीला चोवीस वर्षांचे माप शोभते. दरवर्षीच्या केकमध्ये ती मावली नसती.

यावर कोणी म्हणेल की हे सारे आल्फने घडवले. तो वेष पालटून आलेला परीलोकीचा राजा होता, तेव्हा मुदपाकखान्याला श्रेय कसले? आक्षेप वजनदार आहे, कारण आल्फ नसता तर नोक्सच्याने केक नीट झालाच नसता. पण हा राजा कोणत्या वाटेने आला ते पाहावे. चांदणी एखाद्या मुलाच्या हातावर ठेवून तो निघून गेला नाही. तो शिकाऊ म्हणून राहिला, नोक्सच्या हाताखाली राबला, मेजवानीची वाट पाहत थांबला. राजालाही स्वयंपाकघरातूनच यावे लागले, हीच माझ्या म्हणण्याची सर्वांत मोठी साक्ष.

दुसरा आक्षेप बाहुलीचा. साखरेची परीराणी म्हणजे परीलोकाची विटंबना, आणि अशी विटंबना जपणारी रीत मोडलेलीच बरी, असे म्हणता येईल. टॉल्कीन यांची सुरुवात याच रागातून झाली होती. १९६४ साली त्यांच्याकडे जॉर्ज मॅकडोनल्डच्या ‘द गोल्डन की’ या कथेसाठी प्रस्तावना मागण्यात आली. परी म्हणजे केवळ गोडवा नव्हे हे सांगण्यासाठी ते तिच्यात एका अडाणी आचाऱ्याचा दाखला देऊ लागले. प्रस्तावना राहिली आणि दाखल्याची गोष्ट झाली. तिचे पहिले नावच ‘द ग्रेट केक’ होते. पण लिहिता लिहिता लेखकाचे मन उदार झाले असे मला वाटते. तो मुलगा मोठेपणी, स्वतः लोहार झाल्यावर, खऱ्या परीराणीला भेटतो तेव्हा त्या बाहुलीच्या आठवणीने शरमतो, आणि राणीच त्याची समजूत काढते. परीलोकाची आठवण अजिबात नसण्यापेक्षा ती बाहुली बरी, असे तिचे म्हणणे. जिचा अपमान झाला तिनेच असा निवाडा दिल्यावर आपण अधिक कडक होण्याचे कारण नाही. टॉल्कीन यांनी या कथेवर स्वतः लिहिलेला निबंध व्हर्लिन फ्लीगर यांनी संपादित केलेल्या २००५ च्या आवृत्तीत आहे. सभागृहात गावचे चर्च आणि आचाऱ्यात धर्मगुरू दिसतो असे ते तिथे मान्य करतात, पण संपूर्ण कथेला रूपक म्हणत नाहीत. चर्चचा अर्थ घेतला तरी मुद्दा टिकतो. रंग उडालेली वास्तू गाव झाडूनपुसून ठेवते आहे, आणि तिच्यात पुन्हा काही घडण्याची शक्यता तेवढ्याने शाबूत राहते.

एका आक्षेपाला मात्र पुरते उत्तर नाही. मुले चोवीसच, चांदणी एकच, आणि कितीही काळजी घेतली तरी लायक मुले वगळली जातात, हे कथाच कबूल करते. रीतीचा हा अन्याय खरा आहे. त्यावर कथेत एकच उतारा आहे. चांदणी कोणाची मालमत्ता होत नाही, ती पुढच्या केकसाठी परत द्यावी लागते. उतारवयाकडे झुकलेल्या लोहाराला ते जड जाते. तरी तो स्वतःच्या हाताने ती पेटीत ठेवतो, आणि आल्फ तिचा पुढचा धनी निवडायची मोकळीक त्याला देतो. लोहार आपल्या घरातले नाव घेत नाही. तो सुचवतो छोट्या टिमचे नाव, आणि टिम आहे नोक्सचा पणतू.