लाकीशा

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील आफ्रो-अमेरिकन समाजात विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रूढ झालेले एक स्त्रीनाम. ‘ला’ हे पूर्वपद व ‘कीशा’ हे उत्तरपद यांच्या संयोगाने ते बनले असून उच्चारात आघात मधल्या ‘की’ या अक्षरावर पडतो. रोमन लिपीत या नावाचे लेखन अनेक प्रकारांनी होते. काही कुटुंबे ‘ला’नंतरचे अक्षर मोठ्या लिपीत लिहून नावाचा सांधा मुद्दाम दाखवितात. १९७० ते १९९० या दोन दशकांत जन्मलेल्या मुलींमध्ये ते विशेषेकरून आढळते. कोशात अर्थ पाहून ठेवण्याच्या नावांपैकी हे नाव नाही. परिचित घटकांपासून नवे नाव घडविण्याची जी प्रथा या समाजात रुजली, तिचे ते ठळक उदाहरण होय. आणि नाव व वंशभेद यांच्या संबंधाविषयीच्या आधुनिक चर्चेत त्याचा निर्देश वारंवार होतो.

व्युत्पत्ती व रचना : ‘कीशा’ या उत्तरपदाच्या उगमाविषयी एकमत नाही. एका मतानुसार ते ‘आयेशा’ या अरबी नावावरून आले. आयेशा हे मुहंमद पैगंबरांच्या पत्नीचे नाव असून त्याचा अर्थ ‘जिवंत’, ‘जीवनयुक्त’ असा आहे. अमेरिकेतील कृष्णवर्णीयांत इस्लामचा प्रसार होऊ लागल्यानंतर, विशेषतः १९६० नंतर, हे नाव तेथे परिचित झाले. दुसऱ्या मतानुसार बायबलच्या जुन्या करारातील ईयोबाच्या दुसऱ्या मुलीचे ‘केझाया’ हे नाव याच्या मुळाशी आहे. हा हिब्रू शब्द तज या सुगंधी सालीचा वाचक आहे. बायबलमधील नावे कृष्णवर्णीय कुटुंबांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली असल्याने हे मतही अगदीच टाकाऊ म्हणता येत नाही. बाळांच्या नावांची जी लोकप्रिय पुस्तके निघतात, त्यांत ‘लाडकी’ किंवा तत्सम अर्थ देऊन हे नाव थेट आफ्रिकी भाषांशी जोडलेले असते. पण असे अर्थ बहुधा मागाहून चिकटविलेले असून त्यांना भाषाशास्त्रीय आधार क्वचितच दिलेला असतो. ‘कीशा’ हे स्वतंत्र नाव आधीचे व ‘लाकीशा’ हा त्याचा विस्तार, की ‘कीशा’ हाच ‘लाकीशा’चा संक्षेप, याविषयीही मतभेद आहेत. मराठी वाचकाला या नावातील ‘ईशा’ हा शेवट संस्कृत वाटण्याचा संभव आहे. तथापि हे केवळ ध्वनिसाम्य होय.

‘ला’ या पूर्वपदाचे मूळ फ्रेंच भाषेतील स्त्रीलिंगी उपपदात शोधले जाते. लुइझिॲना प्रांतात फ्रेंच भाषा व संस्कृती यांचा प्रभाव दीर्घकाळ होता आणि तेथील कृष्णवर्णीय व मिश्रवंशीय समाजांतून अशी रूपे इतरत्र पसरली असावीत. लाव्हर्न, लाव्हॉन यांसारखी नावे १९६० च्या आधीही अमेरिकेत, गोऱ्या समाजातसुद्धा, होती. गायिका लाटोया जॅक्सन हिचा जन्म १९५६ चा आहे. पुढे मात्र ‘ला’चा मूळ अर्थ लोप पावून ते निव्वळ नामघटक बनले आणि लाटोन्या, लाशाँडा, लाटीशा अशी नावांची मालिकाच तयार झाली. यांपैकी ‘लाटीशा’ या नावाचे ‘लेटिशिया’ (मूळ लॅटिन अर्थ ‘आनंद’) या जुन्या नावाशी असलेले नाते उघड आहे. म्हणजे जुने नाव नव्या साच्यात बसवून घेतले गेले. ‘शा’, ‘टा’, ‘का’ ही पूर्वपदे आणि ‘ईशा’, ‘ईका’, ‘आँडा’ ही उत्तरपदे अशाच रीतीने वापरली जातात. ‘टमीका’ या नावाचा प्रसार अ गर्ल नेम्ड टमीको (१९६२) या चित्रपटातील जपानी नावामुळे झाला असे मानले जाते. यावरून आफ्रिकी मूळ हा या नावांचा आवश्यक गुण नाही, हे लक्षात येते. अरबी, हिब्रू, फ्रेंच, लॅटिन, जपानी असे कोणतेही द्रव्य या घडणीला चालते.

ही घडण स्वैर वाटली, तरी तिला नियम आहेत. समाजशास्त्रज्ञ स्टॅन्ली लीबरसन व केली मिकेल्सन यांनी १९९५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात आफ्रो-अमेरिकन मातापित्यांनी नव्याने रचलेली, पूर्वी कोणी न ऐकलेली नावे लोकांपुढे ठेवून ती मुलाची की मुलीची, असे विचारले. बहुतेक नावांच्या बाबतीत उत्तरे बरोबर आली. इंग्रजीत मुलींच्या नावांचा शेवट प्रायः ‘आ’कारान्त असतो, नवे नाव रचणारी आईसुद्धा हा संकेत, बहुधा नकळत, पाळते. लाकीशा हे नाव ऐकताच ते स्त्रीचे आहे हे अमेरिकेत कोणालाही कळते, ते यामुळेच.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : नाव ठेवण्याचा अधिकार हा या समाजाच्या इतिहासात दीर्घकाळ हिरावून घेतला गेलेला अधिकार आहे. गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकी माणसांची मूळ नावे दप्तरात क्वचितच नोंदली जात. मालक त्यांना सीझर, पाँपी, व्हीनस अशी रोमन इतिहास-पुराणांतील नावे देत. त्यांत अनेकदा थट्टेचाच भाग असे. फिलिस व्हीटली (मृ. १७८४) या कवयित्रीचे उदाहरण या दृष्टीने बोलके आहे. तिला १७६१ साली लहान वयात बॉस्टन येथे विकण्यात आले. ज्या जहाजातून तिला आणले त्याचे नाव फिलिस होते, तेच तिचे नाव झाले आणि विकत घेणाऱ्या कुटुंबाचे आडनाव तिला लागले. आईबापांनी ठेवलेले तिचे नाव उपलब्ध नाही.

आफ्रिकी नामपद्धती मात्र या काळातही सर्वस्वी नष्ट झाली नाही. पश्चिम आफ्रिकेतील आकान लोकांत जन्मवारावरून नाव ठेवण्याची चाल आहे. सोमवारी जन्मलेल्या मुलीचे जूबा, शुक्रवारी जन्मलेल्या मुलीचे फीबा अशी नावे वेस्ट इंडीज व अमेरिकेतील मळ्यांवर प्रचलित होती. फीबा या नावाचे इंग्रजी ‘फीबी’शी साम्य असल्याने ते मालकाच्या कानाला खटकत नसे, त्यामुळे वरकरणी इंग्रजी वाटणाऱ्या नावाखाली आफ्रिकी नाव टिकून राहू शकले. लॉरेंझो डाउ टर्नर या भाषाशास्त्रज्ञाने साउथ कॅरोलायना व जॉर्जिया यांच्या किनाऱ्यावरील गला बोलीच्या अभ्यासात (१९४९) सु. चार हजार आफ्रिकी शब्द नोंदविले. त्यांतील बहुसंख्य व्यक्तिनामे आहेत. शाळेत व सरकारदरबारी इंग्रजी नाव आणि घरात दुसरेच नाव, अशी तेथे रीत होती. घरच्या नावाला ते ‘टोपलीतले नाव’ म्हणत. मराठीतील ‘पाळण्यातले नाव’ या शब्दप्रयोगाशी याचे साम्य लक्षणीय आहे.

गुलामगिरीतून सुटलेल्या व्यक्तीने प्रथम करावयाच्या गोष्टींत नाव बदलणे ही एक गोष्ट असे. फ्रेडरिक डग्लसने १८३८ मध्ये पलायन केल्यानंतर बेली हे आडनाव टाकले. इझाबेला या नावाच्या स्त्रीने १८४३ मध्ये सोजर्नर ट्रूथ हे नाव धारण केले. १८६५ मध्ये गुलामगिरी संविधानाने नष्ट झाल्यावर लक्षावधी लोकांनी आडनावे निवडली. त्यानंतरच्या जवळजवळ शंभर वर्षांत मुलींची नावे गोऱ्या समाजातील नावांहून फारशी वेगळी नव्हती. आजीचे किंवा आत्याचे नाव पुढे चालविणे आणि बायबलमधून नाव घेणे हे सर्वसाधारण मार्ग होते. ओप्रा विन्फ्री (जन्म १९५४) हिचे नाव रूथच्या पुस्तकातील ‘ऑर्पा’ या नावातील अक्षरांची अदलाबदल होऊन बनले आहे.

१९६० नंतरचे परिवर्तन : नागरी हक्कांच्या चळवळीला १९६४ व १९६५ च्या कायद्यांनी यश मिळाले. तथापि कायद्याने मिळालेली समता प्रत्यक्षात उतरण्यास विलंब होऊ लागला, तेव्हा कृष्णवर्णीय अस्मितेचा पुरस्कार करणारी चळवळ बळावली. मॅल्कम एक्सने आडनावाच्या जागी अज्ञात राशीचे चिन्ह लावले होते, कारण पूर्वजांचे खरे आडनाव मालकांनी पुसून टाकले होते. १९६४ मध्ये कॅसियस क्ले हा मुष्टियोद्धा मुहंमद अली झाला. १९६६ मध्ये सुरू झालेल्या क्वान्झा या उत्सवाने स्वाहिली शब्द घरोघर नेले. त्यांतील इमानी (श्रद्धा) व निया (उद्दिष्ट) हे शब्द पुढे मुलींची नावे झाले. ॲलेक्स हेली यांची रूट्स ही कादंबरी १९७६ मध्ये आणि तिच्यावरील दूरचित्रवाणी-मालिका १९७७ मध्ये आली. नाव टिकविण्यासाठी चाबकाचे फटके खाणारा कुंटा किंटे देशभर पाहिला गेला आणि त्याच्या मुलीचे ‘किझी’ हे नाव त्याच वर्षी अनेक नवजात मुलींना मिळाले.

लाकीशा हे याच काळाचे अपत्य. चळवळीतील सुशिक्षितांनी आफ्रिकी किंवा अरबी नावे अर्थासह स्वीकारली. नगरांतील कष्टकरी वस्त्यांतून मात्र नावे घडविण्याकडे अधिक कल दिसला. रोलंड फ्रायर व स्टीव्हन लेव्हिट या अर्थशास्त्रज्ञांनी १९६१ ते २००० या काळातील कॅलिफोर्नियातील जन्मनोंदी तपासल्या (२००४). १९७० मध्ये कृष्णवर्णीयांच्या वस्तीत जन्मलेल्या मुलीचे सर्वसाधारण नाव गोऱ्यांपेक्षा कृष्णवर्णीयांत दुपटीने आढळत असे. १९८० पर्यंत हे प्रमाण वीसपट झाले. इतक्या अल्पावधीत दोन समाजांची नावे अशी दुभंगल्याची उदाहरणे विरळाच. शतकाच्या अखेरीस तेथील सु. ४० टक्के कृष्णवर्णीय मुलींना असे नाव मिळत होते, की जे त्या वर्षी जन्मलेल्या एकाही गोऱ्या मुलीला दिले गेले नव्हते. मुलांच्या बाबतीत ही नवनिर्मिती तुलनेने कमी आढळते. वडिलांचे किंवा आजोबांचे नाव पुढे चालविण्याचे बंधन मुलींवर नसल्याने त्यांच्या नावांना अधिक मोकळीक मिळाली असावी.

नाव व भेदभाव : १९६४ च्या नागरी हक्क अधिनियमाने नोकरीत वंशावरून भेद करण्यास मनाई केली आहे. अर्जदाराचे नाव मात्र त्याचा वंश बहुधा सांगून जाते. मारियान बर्ट्रंड व सेंथिल मुल्लैनाथन यांनी बॉस्टन व शिकागो येथील वृत्तपत्रांतील तेराशेहून अधिक जाहिरातींना सु. पाच हजार काल्पनिक अर्ज पाठविले. शिक्षण व अनुभव यांचा तपशील तोलून ठेवून त्यांवर केवळ नावे वेगवेगळी घातली होती. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासाच्या शीर्षकातच एमिली व ग्रेग यांच्यासमोर लाकीशा व जमाल ही नावे असल्याने लाकीशा या नावाला विद्वत्‌जगतात अनपेक्षित प्रसिद्धी मिळाली. गोऱ्या वाटणाऱ्या नावांना ९.६५ टक्के, तर कृष्णवर्णीय वाटणाऱ्या नावांना ६.४५ टक्के अर्जांवर बोलावणे आले. म्हणजे एक बोलावणे मिळविण्यास एमिलीसारख्या नावाच्या अर्जदारास सु. १० अर्ज, तर लाकीशासारख्या नावाच्या अर्जदारास सु. १५ अर्ज करावे लागतात. एकेका नावाचे आकडे मात्र या सरासरीपासून बरेच ढळतात : लाकीशा ५.५, तर एबनी या तितक्याच ओळखू येणाऱ्या नावाला ९.६ टक्के. तेव्हा वंशाबरोबरच नावावरून केलेले आर्थिक स्थितीचे अनुमानही मालकांच्या मनात काम करीत असावे, असा आक्षेप घेतला गेला. २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पॅट्रिक क्लाइन, इव्हान रोझ व क्रिस्टोफर वॉल्टर्स यांच्या अभ्यासात १०८ बड्या कंपन्यांना ८३,००० अर्ज पाठविण्यात आले. तेथेही फरक आढळला. तो सरासरीने २.१ टक्के-अंकांचा असून त्याचा बराचसा भाग मोजक्या कंपन्यांत एकवटलेला होता. याच पद्धतीने भारतात सुखदेव थोरात व पॉल ॲटवेल यांनी खाजगी क्षेत्रातील नोकऱ्यांच्या जाहिरातींना अर्ज पाठविले होते (२००७ मध्ये प्रसिद्ध). अर्हता समान असूनही उच्चवर्णीय हिंदू नावांपेक्षा दलित व मुस्लिम नावांना बोलावणे कमी येते, असे त्यांना दिसून आले.

फ्रायर व लेव्हिट यांचा निष्कर्ष वरवर पाहता याच्या उलट आहे. जन्मवेळची कौटुंबिक परिस्थिती लक्षात घेतली, तर वैशिष्ट्यपूर्ण नावामुळे त्या स्त्रीच्या पुढील आयुष्याचे स्वतंत्रपणे नुकसान झालेले त्यांना दिसले नाही. तथापि दोन्ही अभ्यास एकच गोष्ट मोजत नाहीत. पहिल्यात अर्जाच्या पहिल्या पायरीवरील वागणूक मोजली आहे, तर दुसऱ्यात संपूर्ण आयुष्याची गोळाबेरीज केली आहे. अनेक अर्ज करून अखेर नोकरी मिळविणाऱ्या स्त्रीचा वाया गेलेला वेळ व झालेला अवमान दुसऱ्या प्रकारच्या आकडेवारीत उमटत नाही.

या नावांवर टीका खुद्द आफ्रो-अमेरिकन समाजातूनही झाली. २००४ मध्ये विनोदी नट बिल कॉझ्बी याने वॉशिंग्टन येथील एका समारंभात अशा नावांची जाहीर खिल्ली उडविली आणि त्यावरून मोठा वाद झाला. अशी नावे अर्थहीन आहेत, हा आक्षेप नेहमी घेतला जातो. तो फारसा टिकणारा नाही. इंग्रजी भाषकांपैकी किती जणांना एमिली या नावाचा अर्थ माहीत असतो, हा प्रश्न त्यावर विचारता येईल. काँडोलीझा राइस (परराष्ट्रमंत्री, २००५–०९) यांचे नाव ‘माधुर्याने’ या अर्थाच्या इटालियन संगीतसंज्ञेवरून आईने घडविले होते. त्याला मात्र कोणी हसले नाही. कीशा लान्स बॉटम्स या २०१८ ते २०२२ या काळात अटलांटाच्या महापौर होत्या. केटांजी ब्राउन जॅक्सन (जन्म १९७०) या २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायाधीश झाल्या. त्यांचे नाव पश्चिम आफ्रिकेत काम करणाऱ्या मावशीने सुचविलेल्या नावांतून आईवडिलांनी निवडले होते.

नवजात मुलींत लाकीशा हे नाव आता क्वचितच ठेवले जाते. ते एका पिढीचे नाव ठरले असून ते धारण करणाऱ्या बहुसंख्य स्त्रिया आज मध्यमवयीन आहेत. नावे घडविण्याची प्रथा मात्र चालू आहे आणि ती या समाजापुरती राहिलेली नाही. ‘स्वर्ग’ या अर्थाचा इंग्रजी शब्द उलट्या क्रमाने लिहून बनविलेले ‘नेव्हेया’ हे नाव २००१ पासून गोऱ्या, कृष्णवर्णीय व स्पॅनिशभाषक अशा सर्वच कुटुंबांत ठेवले जाऊ लागले.