डोंगराचा राग

ऑक्सफर्डचे प्राध्यापक टॉल्किन यांनी आपल्या कल्पनासृष्टीत ‘मिस्टी मौंटन्स’, म्हणजे धुक्याचे पर्वत, ही एक अजस्र रांग उभी केली आहे. ‘दि हॉबिट’ (१९३७) या कथेत तिच्या पोटात गॉब्लिन नामक दुष्टांची वस्ती आहे. वादळात पाषाणदैत्य चेंडूसारख्या शिळा फेकतात. पण अंगावर खरा काटा येतो तो १९५४ साली निघालेल्या पुढील ग्रंथात. काराध्रास शिखराच्या खिंडीत हिमवर्षाव नऊ वाटसरूंना अडवितो. हे कृत्य शत्रूचे, की खुद्द डोंगराचे? ग्रंथकार निकाल देत नाहीत. आम्हांस विचाराल तर डोंगराचेच! वाटसरू परतू लागताच मागची वाट दगडांनी व बर्फाने बुजते, आणि मगच त्याचा राग शमतो.

हे दगड टॉल्किन यांनी प्रत्यक्ष पाहिले होते. १९११ साली, ऐन एकोणिशीत, ते काही मंडळींसह स्वित्झर्लंडमध्ये पायी हिंडत होते. आलेच हिमनदीनजीकच्या अरुंद वाटेवर उन्हाने बर्फ वितळले व वरून धोंडे गडगडत आले. एक तर त्यांच्या गुडघ्यांपुढून जेमतेम फुटभर अंतराने गेला. कथानायक बिल्बोचा पर्वतप्रवास आपण याच भ्रमंतीवरून रचला, असे त्यांनी पुढे पत्रात लिहिले आहे.