नुकसानभरपाई ही भीक नव्हे, हक्क आहे

रस्त्यावरच्या अपघातात घरचा कर्ता माणूस गेला, की जलदानविधी होईपर्यंत घरात माणसांची वर्दळ असते. पुढे ज्याचा तो आपापल्या कामाला लागतो. मागे उरतात ती पत्नी, शाळेत जाणारी मुले आणि म्हातारे आईवडील. याच दिवसांत एखादा मध्यस्थ दारात येतो, पाच-पंचवीस हजार रुपये हातावर ठेवतो आणि कोऱ्या कागदावर अंगठा मागतो. माता-भगिनींनो, आमचे पहिले सांगणे हेच, की असा अंगठा देऊ नका.

मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम १६६ खाली मृताच्या वारसांना मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे भरपाई मागता येते. अपघात परजिल्ह्यात झाला असला, तरी आपण राहतो तेथील न्यायाधिकरणाकडे अर्ज चालतो. १ एप्रिल २०२२ पासून कायद्यात सहा महिन्यांची मुदत आली आहे. म्हणून ‘वर्ष सरू दे, मग बघू’ असे म्हणून चालणार नाही.

रक्कम कशी ठरते?

सर्वोच्च न्यायालयाने २००९ आणि २०१७ च्या निकालांत याचा हिशेब घालून दिला आहे. समजा, ३२ वर्षांचा गवंडी महिना १२,००० रुपये मिळवीत होता. पुढे कमाई वाढली असती म्हणून ४० टक्के धरले, की १६,८०० होतात. पत्नी, दोन मुले व आई असे चौघे त्याच्यावर अवलंबून, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा होतो. राहिले १२,६००, म्हणजे वर्षाचे १,५१,२००. या वयाला १६ ने गुणतात. रक्कम २४,१९,२०० रुपये होते. अंत्यविधीचा खर्च वगैरे निराळा. आता त्या पाच-पंचवीस हजारांची किंमत ओळखा!

कलम १६४ खाली चूक कोणाची हे सिद्ध न करता ५ लाख रुपये मिळतात. पण ही रक्कम तडजोडीत स्वीकारली, की कलम १६६ चा दावा संपतो. सही करण्यापूर्वी हा हिशेब मांडून बघा.

गृहिणी गेली तर ‘ती कमवत नव्हती’ असे उत्तर ऐकून घेऊ नये. तिच्या राबण्याचे मोल पैशात धरलेच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्येही सांगितले आहे.

ठोकर देऊन वाहन पळाले व सापडले नाही, तर मृत्यूबद्दल २ लाख रुपये मिळतात. पूर्वी ही रक्कम २५ हजार होती. त्यासाठी प्रांत किंवा तहसीलदार कचेरीत अर्ज करावा.

घरातले भांडण

पैसा यायच्या आधीच सासू-सुनेत फूट पाडणारे भेटतात. आई आणि पत्नी, दोघींचाही हक्क आहे. सुनेने पुन्हा लग्न केले म्हणून तिची भरपाई बुडत नाही, असा निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये दिला. लहान मुलांचा वाटा बँकेत मुदतठेवीत ठेवला जातो. ती ठेव त्यांच्या शिक्षणाची आहे. तिच्यावर कोणी डोळा ठेवू नये.

वकिलाला पैसे कोठून आणायचे? जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय असते. १९८७ च्या कायद्याप्रमाणे स्त्रियांना आणि अनुसूचित जातीच्या व्यक्तींना, उत्पन्न कितीही असो, तेथे मोफत वकील मिळतो. भरपाईत टक्केवारी ठरवून फी घेणे वकिलांच्या नियमांतच बसत नाही.

एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, वाहनाच्या विम्याची प्रत, वयाचा दाखला, कमाईचा पुरावा आणि रेशनकार्ड एका पिशवीत जपून ठेवा. मजुरीची पावती नसेल, तर मुकादमाची हजेरीवही किंवा बँकेचे पासबुक दाखवा. शेजारच्या घरावर असा प्रसंग आला, तर वस्तीतल्या शिकलेल्या मुलामुलींनी सांत्वनाबरोबर ही पिशवीही भरून द्यावी आणि त्या भगिनीसोबत न्यायालयापर्यंत जावे.