गॅलरीतलं प्रेम : कथेत अडथळा आणायचा कुठून?

मंडळी, प्रेमकथा लिहायला बसलो की आपण बहुतेक सगळे पहिली चूक एकच करतो. दोघं एकमेकांना आवडतात, इथवर ठीक. मग गोष्ट पुढे सरकेना, म्हणून आपण खलनायक आणतो. श्रीमंत बाप, नाहीतर हरवलेली चिठ्ठी. तो अडथळा बाहेरून चिकटवलाय, हे वाचकाला लगेच कळतं.

खरा अडथळा दोघं राहतात तिथेच असतो. गिरगावातली किंवा लालबागची चाळ घ्या. दहा बाय बाराची खोली, त्यात सात-आठ माणसं, बाहेर सामाईक गॅलरी, नळ, संडास. इथे एकांत मिळणं हीच मोठी घटना. नळावर हंडा भरल्यावरही कुणासाठी दोन मिनिटं रेंगाळणं, हा इथे कबुलीजबाबच झाला. आणि तो अख्खी चाळ बघत असते.

आता यात काळ आणू. 18 जानेवारी 1982 ला गिरणी संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. समजा, परळचा एक बदली कामगार आणि वरच्या मजल्यावरची मुलगी. मे महिन्यात लग्न ठरायचं होतं. पगार बंद, घरचे कोकणात परत निघालेत. ती म्हणते, 'मी थांबते.' तो म्हणतो, 'नको थांबूस.' दोघांचंही बरोबर आहे, आणि दोघांनाही काहीतरी गमवायचं आहे. आपली गोष्ट इथे सुरू होते.

विश्राम बेडेकरांची 'रणांगण' (1939) आठवा. युरोपातून मुंबईकडे येणारी बोट, तिच्यावर चक्रधर आणि जर्मनीतून परागंदा झालेली ज्यू तरुणी हॅर्टा. प्रवास संपला की ताटातूट, हे आपल्याला दिसत असतं. बोट मुंबईला लागते. तो उतरतो, तिला पुढे जावं लागतं. बोटीवरचा कुणी एक दुष्ट माणूस त्यांना तोडत नाही, तो काळच तोडतो. म्हणून ती गोष्ट अजून बोचते.

तेव्हा लिहिण्याआधी स्वतःला विचारू या : ही दोघं भेटू शकतात कुठे? त्यांना बघतं कोण? आणि एकत्र आली तर प्रत्येकाच्या हातून काय सुटेल? उत्तरं सापडत नसतील, तर आज घरी जाताना दादरच्या पुलावर जरा थांबा. गर्दीत दोघं जण निरोप घेत असतील. कोण आधी वळतं, तेवढंच बघा.