आंबोलीचा झुडपी बेडूक आणि रानातील पालापाचोळा

बेडकाची पैदास पाण्यातच होते, असा सर्वसाधारण समज आहे. भातखाचरातील बेडकांच्या बाबतीत तो खराही आहे. त्यांची अंडी पाण्यात तरंगतात व त्यांतून शेपटीची पिले बाहेर पडतात. परंतु सह्याद्रीच्या माथ्यावरील दाट रानात राहणाऱ्या काही लहान बेडकांचा क्रम याहून अगदी निराळा आहे. आंबोलीचा झुडपी बेडूक हा त्यांपैकीच एक होय.

सिंधुदुर्ग जिल्ह्यातील आंबोली हे गाव समुद्रसपाटीपासून सुमारे ७०० मीटर उंचीवर असून तेथे अतिशय मुसळधार पाऊस पडतो. तेथील या बेडकाची स्वतंत्र जाती म्हणून शास्त्रीय नोंद २००९ साली झाली व गावाचेच नाव तिला देण्यात आले. पूर्ण वाढलेला नर सुमारे साडेतीन सेंटिमीटर लांबीचा असतो. रंग बहुधा तपकिरी असल्यामुळे वाळक्या पानांत तो सहसा दृष्टीस पडत नाही. पावसाळ्यात रात्रीच्या वेळी झुडपांवर बसून नर गळ्याची पिशवी फुगवून ओरडतो. त्या आवाजावरूनच त्याचा ठाव लागतो.

या गटातील बेडकांची मादी डबक्यात अंडी घालीत नाही. ती ओलसर माती, पालापाचोळा अथवा झाडपाला यांचा आश्रय घेते. पिलाची सर्व वाढ अंड्यातच होऊन त्यातून थेट चिमुकला बेडूक बाहेर येतो. शेपटीच्या पिलाची पाण्यातील अवस्था येथे नाहीच. म्हणून या जातीला डबके नसले तरी चालते. मात्र अंड्यांना कवच नसल्याने सभोवतालचा ओलावा टिकणे अत्यावश्यक असते. पावसाने चार दिवस उघडीप दिली तरी तो ओलावा टिकवून धरण्याचे कार्य पालापाचोळा व झुडपांची सावली करतात.

येथेच शेतकऱ्याचा संबंध येतो. सह्याद्रीच्या भातपट्ट्यात राब भाजण्यासाठी रानातील पाला व टाहाळ गोळा करण्याची जुनी रीत आहे. तीच जागा दरवर्षी खरवडली गेल्यास जमीन उघडी पडते, उन्हाने तापते व पावसाच्या माऱ्याने तिची माती वाहून जाते. बेडकाचे घर जाते आणि त्याबरोबर रानाचा कसही जातो.

यावर सोपा उपाय गादीवाफ्याचा आहे. सुमारे एक मीटर रुंद व आठ ते दहा सेंटिमीटर उंच वाफे करून त्यांत चांगले कुजलेले शेणखत मिसळावे, बी ओळीत पेरावे आणि तण वेळीच काढावे. म्हणजे राब न भाजताही जोमदार रोपे मिळतात व पाला तोडण्याचे श्रम वाचतात.

बेडकाची त्वचा पातळ असून तीमधून पाणी व त्यात विरघळलेली द्रव्ये शरीरात शिरतात. यास्तव बांधालगतच्या झुडपांवर तणनाशक फवारू नये. फवारणीचा पंप ओहोळात धुऊ नये. शेत व रान यांच्या सीमेवरील झुडपांचा पट्टा राखून ठेवावा.

हा बेडूक लहान कीटकांवर उपजीविका करतो. भातावरील किडींचा तो बंदोबस्त करील, अशी अपेक्षा मात्र धरू नये. त्याचे वास्तव्य रानातच असते. परंतु ज्या रानात त्याचा आवाज ऐकू येतो, त्या रानाच्या मातीत अद्याप ओल आहे, असे समजावे. ज्या झऱ्यांवर खालच्या शेतीची भिस्त असते, त्यांनाही तीच ओल पोसते. गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी ही गोष्ट राब भाजण्याच्या हंगामापूर्वीच गावकऱ्यांना पटवून द्यावी.