पालमचा गोठा आणि हवेतला मिथेन

गंगाखेडच्या पूर्वेला, गोदावरीच्या दक्षिणेला परभणी जिल्ह्यातला पालम तालुका. त्याला लागून नांदेड जिल्ह्यातला लोहा आणि त्यापुढे कंधार. लाल कंधारी गोवंशाचं मूळ याच पट्ट्यातलं. इथल्या दावणीला तांबडी बैलजोडी असते, जोडीला एखादी मराठवाडी म्हैस आणि चार उस्मानाबादी शेळ्या. मार्गशीर्षात माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेत याच जनावरांचा मोठा बाजार भरतो. पेरणीपासून मुलीच्या लग्नापर्यंत अडल्या वेळी हीच जनावरं उपयोगी पडतात.

हवामानबदलाची चर्चा निघाली की बोट या जनावरांकडेही वळतं. त्यात खरं किती, आणि पालमच्या शेतकऱ्याने करण्यासारखं काय आहे, हे नीट समजून घेतलं पाहिजे.

वायू येतो कुठून

गाय, म्हैस, शेळी, मेंढी ही रवंथ करणारी जनावरं. त्यांच्या कोटीपोटात कोट्यवधी सूक्ष्मजीव असतात. माणसाला न पचणारा कडबा आणि गवत हे जीव आंबवून फोडतात आणि त्यातून जनावराला ऊर्जा मिळते. या आंबण्यात हायड्रोजन आणि कार्बन डायऑक्साइड तयार होतो. काही सूक्ष्मजीव त्या दोन्हींपासून मिथेन बनवतात आणि तो मुख्यतः ढेकरावाटे बाहेर पडतो. शेपटीकडून जाणारा वाटा अगदी किरकोळ आहे.

मिथेन हवेत सुमारे १२ वर्षं टिकतो. शंभर वर्षांच्या हिशेबाने तो कार्बन डायऑक्साइडच्या सुमारे २८ पट उष्णता धरतो, वीस वर्षांच्या हिशेबाने सुमारे ८० पट. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेच्या २०२३च्या अंदाजानुसार माणसामुळे होणाऱ्या एकूण हरितगृह वायूंपैकी सुमारे १२ टक्के पशुपालनातून येतात. त्यात ढेकराखेरीज शेणमूत्र, चाऱ्याची शेती आणि चाऱ्यासाठी तोडलेली जंगलंही धरलेली आहेत. भारतात शेती क्षेत्राचा वाटा एकूण उत्सर्जनाच्या सुमारे १४ टक्के आहे आणि त्यातला निम्म्याहून जास्त भाग जनावरांच्या पोटातल्या मिथेनचा.

शेतकऱ्याच्या दृष्टीने मात्र वेगळीच बाब महत्त्वाची. जनावराने खाल्लेल्या वैरणीतल्या एकूण ऊर्जेपैकी साधारण सहा-सात टक्के ऊर्जा मिथेनच्या रूपाने निघून जाते. ती दुधात उतरत नाही, अंगावर धरत नाही, औत ओढायलाही उपयोगी पडत नाही. वैरण विकत घेणाऱ्याच्या खिशातून गेलेला हा पैसा आहे. मिथेन कमी करण्यात शेतकऱ्याचा स्वार्थ आहे तो इथेच.

एका लिटरमागे किती

भारताच्या राष्ट्रीय हिशेबात दुभत्या देशी गाईमागे वर्षाला सुमारे २८ किलो मिथेन धरतात, संकरित गाईमागे ४३ किलो आणि म्हशीमागे ५० किलो. अमेरिकेतल्या दुभत्या गाईचा आकडा सव्वाशे किलोच्या वर जातो. म्हणजे डोक्यामागे आपली देशी गाय फार कमी वायू सोडते.

लिटरमागे पाहिलं की चित्र उलटं होतं. लाल कंधारी गाय एका वेताला साधारण ६०० लिटर दूध देते आणि दोन वेतांमध्ये सव्वा ते दीड वर्ष जातं. वर्षाला साडेचारशे लिटर धरले, तर लिटरमागे ६० ग्रॅमच्या आसपास मिथेन पडतो. वर्षाला २,४०० लिटर देणाऱ्या संकरित गाईत तो १८ ग्रॅमवर येतो आणि दहा हजार लिटर देणाऱ्या अमेरिकी गाईत १३-१४ ग्रॅमवर. हिशेब ढोबळ आहे, पण दिशा बरोबर दाखवतो.

तरीही एवढ्यावरून लाल कंधारीला नालायक ठरवणं मला मान्य नाही. ती मुळात शेतकामाची जात. तिचे खोंड औताला जुंपले जातात आणि त्यांच्या कामामागे डिझेल जळत नाही. शेणखत रानात पडतं, त्यामुळे रासायनिक खत कमी लागतं. परभणीच्या उन्हाळ्यात, कोरड्या वैरणीवर ती तग धरते. तिचा सगळा मिथेन फक्त दुधाच्या खात्यावर टाकणं हा अर्धा हिशेब झाला.

संकराचा मार्गही या जिल्ह्याला नवा नाही. होल्स्टीन आणि देवणी यांच्या संकरातून ‘होलदेव’ हा वाण परभणीच्या कृषी विद्यापीठातच तयार झाला. ज्याच्याकडे पाणी, हिरवा चारा आणि जवळ दूध संकलन केंद्र आहे, त्याने संकरित गाय जरूर पाळावी. कोरडवाहू शेतकऱ्याला ती झेपतेच असं नाही.

खरी गोष्ट वैरणीची

चारा जितका जाडाभरडा आणि निकस, तितका तो पचायला वेळ लागतो आणि मिथेनचं प्रमाण वाढतं. पालमच्या दावणीचं मुख्य दुखणं हेच आहे. मराठवाड्यात रब्बी ज्वारीचा कडबा हा वैरणीचा कणा होता. ज्वारीच्या रानात सोयाबीन, कापूस आणि हरभरा आला आणि कडब्याच्या गंजी लहान झाल्या. उरलं सोयाबीनचं भुसकट. पऱ्हाट्यांचा तर वैरण म्हणून उपयोगच नाही. फेब्रुवारीनंतर हिरवा चारा दिसेनासा होतो आणि पाऊस पडेपर्यंत जनावर जगवणं एवढंच काम राहतं. २०१२-१३ आणि २०१८-१९च्या दुष्काळात चारा छावण्यांवर जनावरं नेलेली लोक विसरलेले नाहीत.

इथे करता येण्याजोगं बरंच काही आहे आणि ते फार महागडं नाही. कडबा अख्खा टाकला की जनावर पानं खातं आणि जाड ताटं पायाखाली तुडवतं. कुट्टी केली की ही नासाडी टळते. भुसा किंवा कडब्यावर युरियाची प्रक्रिया केली तर तो मऊ आणि पचायला सोपा होतो. त्यासाठी १०० किलो वैरणीला ४ किलो युरिया ४०-५० लिटर पाण्यात पूर्ण विरघळवून सारखा शिंपडायचा, थर दाबून हवाबंद झाकायचं आणि तीन आठवड्यांनी उघडायचं. ही वैरण सहा महिन्यांच्या आतल्या वासरांना द्यायची नाही. युरियाचं प्रमाण वाढलं तर विषबाधा होते, म्हणून पहिल्या खेपेला पशुवैद्यकाला विचारूनच करावं. ज्याला थोडंफार पाणी आहे त्याने पावसाळ्यातला मका किंवा ज्वारी मूरघास करून ठेवावी.

दुसरी बाब खुराकाच्या समतोलाची. एकाच्या गव्हाणीत सरकी पेंड जास्त पडते, दुसऱ्याकडे नुसतं भुसकट, आणि खनिज मिश्रण बहुतेकांकडे नसतंच. राष्ट्रीय दुग्धविकास मंडळाने राष्ट्रीय डेअरी योजनेत २०११-१२ ते २०१८-१९ या काळात देशभर गावोगावी संतुलित आहाराचा कार्यक्रम राबवला. जनावराचं वजन, दूध आणि घरात असलेला चारा पाहून कोणती वस्तू किती घालायची, एवढंच त्यात सांगितलं जाई. दूध वाढलं, खर्च उतरला आणि लिटरमागे मिथेन सुमारे १२ ते १५ टक्क्यांनी घटला. माझ्या मते पालमसारख्या तालुक्यासाठी याहून चांगला उपाय आज दुसरा नाही. विदर्भ-मराठवाडा दुग्धविकास प्रकल्पाचा दुसरा टप्पा या भागातल्या सर्व १९ जिल्ह्यांसाठी आहे. त्यात परभणीही येतो. आहाराचा सल्ला गोठ्यापर्यंत पोचवण्याची ही संधी आहे.

बंगळूरच्या राष्ट्रीय पशुपोषण संस्थेने टॅनिनयुक्त वनस्पतींपासून ‘हरित धारा’ नावाचं पूरक खाद्य तयार केलं. त्याने मिथेन १७ ते २० टक्क्यांनी कमी होतो. चिंचोक्याच्या टरफलांवरही याच संस्थेने काम केलं आहे. बांधाबांधावर चिंचा असलेल्या मराठवाड्यात हे संशोधन गावापर्यंत यायला हवं.

भाकड दिवस

न गाभण, न दुभती अशी गायही रोज खाते आणि रोज ढेकर देते. दोन वेतांतलं अंतर वाढवणारं प्रत्येक कारण मिथेनही वाढवतं. खनिजांची कमतरता, चुकलेला माज, जंत, लाळ्या खुरकूत ही त्यातली नेहमीची कारणं. २०२२मध्ये लम्पी आला तेव्हा वाचलेल्या जनावरांचंही दूध आटलं. वेळेवर लसीकरण आणि वेळेवर कृत्रिम रेतन ही हवामानाचीही कामं आहेत.

शेणाचं काय

कोरड्या उकिरड्यातून मिथेन कमी निघतो. पावसाळ्यात खड्ड्यात पाणी साचून शेण कुजलं की तो वाढतो, शिवाय नायट्रस ऑक्साइड आणि खतातला नत्रही उडून जातो. यावर महाराष्ट्राचीच एक देणगी आहे: पुसदचे नारायण देवताव पांढरीपांडे यांची नाडेप पद्धत. विटांच्या भिंतीत हवेसाठी भोकं ठेवलेली १० फूट लांब, ६ फूट रुंद, ३ फूट उंच टाकी बांधायची. थोडं शेण, भरपूर पालापाचोळा आणि माती यांचे थर भरले की साधारण चार महिन्यांत खत तयार होतं.

चार-पाच जनावरं असतील तर गोबर गॅस. दोन घनमीटरच्या संयंत्राला रोज सुमारे ५० किलो शेण लागतं आणि पाच-सहा माणसांचा स्वयंपाक होतो. मिथेन हवेत न जाता चुलीखाली जळतो, गोवऱ्यांचा धूर थांबतो आणि मळी खत म्हणून रानात जाते. अडचण पाण्याची. जेवढं शेण तेवढं पाणी लागतं, आणि पालमच्या उन्हाळ्यात ते जमतंच असं नाही. अनेक गावांत बंद पडलेली संयंत्रं दिसतात, कारण अनुदान बांधकामापुरतं मिळालं, दुरुस्तीला मात्र माणूस मिळाला नाही.

जगात काय चाललं आहे

युरोपने २०२२मध्ये आणि अमेरिकेने २०२४मध्ये ‘बोव्हेअर’ या खाद्यपूरकाला मान्यता दिली. दुभत्या गाईत त्याने मिथेन सुमारे ३० टक्के घटतो. डेन्मार्क २०३०पासून पशुपालनातल्या उत्सर्जनावर कर लावणार आहे. न्यूझीलंडने असाच विचार केला होता, पण २०२४मध्ये तो सोडून दिला. बोव्हेअरसारखे उपाय दिवसभर गोठ्यात मोजून खाद्य खाणाऱ्या गाईंसाठी सोयीचे आहेत. दिवसा रानात चरून संध्याकाळी दावणीला येणाऱ्या जनावराला ते तसेच लागू पडत नाहीत.

२०२१मध्ये ग्लासगोच्या परिषदेत २०३०पर्यंत मिथेन ३० टक्के घटवण्याची जागतिक प्रतिज्ञा झाली. भारताने तिच्यावर सही केली नाही. आपल्याकडे जनावरं हे लहान शेतकऱ्याच्या जगण्याचं साधन आहे, हे सरकारचं कारण मला योग्य वाटतं. मात्र सही न केल्याने निकस वैरणीचा प्रश्न सुटत नाही. परभणीत कृषी विद्यापीठ आहे, पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. या खरिपानंतर पालमच्या शेतकऱ्यांनी गावातल्या चार-पाच घरांत मिळून एक कुट्टी यंत्र घ्यावं, पशुवैद्यकाकडून आपल्या जनावराचा आहार लिहून घ्यावा आणि रब्बीत निदान घरच्या दावणीपुरती ज्वारी पुन्हा पेरावी.